घळीपलीकडची झाडं

१

शांतवन साळवे मुळातच कमी बोलणारा. लग्नानंतर आठ दिवसांतच लिडिया म्हणाली होती, "बाई गं, ह्या मानसाला शब्द इकत घ्यावे लागत्यात का काय!" घरात तो गप्पच असायचा. पण रानात कामाला लागलं की दोघांचं बोलणं ठरलेलं होतं, आणि त्या एवढ्याशा बोलण्यावर त्यांचा नऊ वर्षांचा संसार झाला.

शांतवन जंगलखात्यात गार्ड होता. नगरच्या पूर्वेला, पाथर्डीच्या अंगाला जे कोरडे डोंगर आहेत त्यातला एक त्याच्या ताब्यात. सालई, धावडा, खैर, अंजन अशी झाडी. दरवर्षी डोंगराचा एक तुकडा तोडायला निघायचा, त्याला कूप म्हणत. कूपातली कुठली झाडं पाडायची आणि बियाण्यासाठी कुठली राखायची हे गार्डनं ठरवायचं. त्याची रीत अशी की एकानं पुढं जाऊन कुऱ्हाडीनं झाडाची साल तासायची, एक वर छातीशी, एक खाली बुंध्याशी. मागून गार्डनं यायचं आणि उघड्या पडलेल्या पांढऱ्या लाकडावर सरकारी शिक्क्याचा हातोडा हाणायचा. शिक्का बसला की झाड मेलं म्हणायचं. तासलेलं झाड शिक्क्याविना सोडायचं नाही, असा कडक दंडक होता. नाहीतर कोणीही उठून म्हणेल, गार्डनंच तासलंय, आम्ही तोडलं.

एका वर्षी तासणारा मजूर तापानं पडला, तेव्हा लिडिया कुऱ्हाड घेऊन निघाली. ती कायमचीच. झाडं तिला त्याच्याइतकीच कळायला लागली. ती पुढं, हा मागं. झाड तासून झालं की ती ओरडायची, "हं!" हा शिक्का मारून म्हणायचा, "झालं!" मग ती पुढच्या झाडाला हात घालायची. उन्हं डोक्यावर आली की हा हाक द्यायचा, "पुरे!" त्यावर लांबून तिचं उत्तर यायचं, "आले!" आणि ती रांगेनं मागं यायची. येताना कुऱ्हाडीच्या दांड्यानं प्रत्येक झाडावर टक् करायची, एखादं शिक्क्याचं राहिलं का बघायला. मग दोघं एका दगडावर बसून भाकरी खायची.

लिडिया बुटकी. तिची छातीजवळची तासणी शांतवनच्या पोटाशी यायची. त्याला दर झाडाला वाकावं लागायचं.

"जरा वर तास की गं," तो म्हणायचा.

"तुमी जरा खाली ऱ्हावा," ती म्हणायची.

२

त्रेचाळीस सालचा माघ. लढाई चालू होती. मोटारी कोळशावर पळत होत्या आणि कोळसा कुठून येणार, तर असल्याच डोंगरांवरून. वरून ताकीद आली होती की शिक्के लवकर संपवा. लिडियाला दोन दिवस कणकण होती, तरी ती उठली.

सकाळी शांतवननं डबा बघितला, तर पीठ तळाला गेलेलं.

"पीठ कुठं गेलं?"

"सांडलं," ती म्हणाली.

त्या साली दाणा मिळत नव्हता आणि ही म्हणते सांडलं! शांतवन नको नको ते बोलला. ती चुलीपाशी बसली. उरल्या पिठाची एक भाकरी थापली, फडक्यात बांधली आणि त्याच्या हातात दिली.

"तुला?"

"तुमी खा. मी खाल्लंय."

घळीपाशी, अलीकडच्या अंगाला, एक मोठा अंजन आहे, तिथवर येईतो दुपार झाली. लिडिया घळ उतरून पलीकडं चढली होती. तिचा "हं!" आला. शांतवन अजून धुमसत होता. त्यानं "झालं" म्हटलं नाही आणि "पुरे"ही म्हटलं नाही. अंजनाखाली पाठ टेकून बसला आणि अख्खी भाकरी खाल्ली. चालू दे जरा, म्हणाला मनाशी. पलीकडून पुन्हा "हं!" आलं. मग जरा लांबून. मग आणखी लांबून. उत्तर आलं नाही तरी ती तासत पुढं पुढं चालली होती, कारण थांबायचं त्यानं सांगायचं असतं. अहो, किती साधी गोष्ट! एक शब्द फक्त. त्यानं तो दिला नाही, आणि पोट भरल्यावर त्याचा डोळा लागला.

रात्रभर शोधल्यावर दुसऱ्या दिवशी लिडिया डोंगराच्या पार मागच्या कड्याखाली सापडली. चक्कर येऊन पडली असावी. कुऱ्हाड काही मिळाली नाही. नगरला नेऊन मिशनच्या दफनभूमीत तिला पुरलं. पाद्रीसाहेबांनी वाचन केलं, शांतवननं स्वतःच्या हातानं माती लोटली.

तिसऱ्या दिवशी आक्काबाई आली. कोळशाच्या भट्टीवर राबणाऱ्याची ही बायको, मांडीवर महिन्याची पोर.

"दादा, मला दूध येत न्हवतं," ती रडत म्हणाली. "बाईंनी पीठ दिलं म्हनून ही पोर जगली. मला म्हनल्या, ह्यांना सांगू नगंस. दोन दिस त्यांच्या पोटात घास न्हवता वो."

शेजाऱ्यांनी पीठ घालून दिलेला डबा शांतवननं आणला आणि तिच्यापुढं ठेवून दिला.

३

त्यानंतर दोन वर्षं तो घळीपलीकडं गेला नाही. तिकडं तिनं तासलेली झाडं होती, शिक्क्याविना. पण पंचेचाळीस साली रेंजरसाहेबांचा हुकूम आला की घळीपलीकडचा उतार, हद्दीच्या शेंदरी धोंड्यापर्यंत, यंदाच्या कूपात घ्यावा. ठेकेदाराचा मुकादम भिमाजी माणसं घेऊन येऊन बसलाच होता.

शांतवन एकटाच निघाला. हातोडा खांद्यावर, कमरेला कोयता. म्हटलं, दोन वर्षांच्या जुन्या खुणा सालीनं भरून आल्या असतील. आपणच पुन्हा तासू आणि शिक्का मारू.

पहिलं झाड सालईचं. त्यावरची तासणी ताजी होती.

नुसती ताजी नव्हे. चीक अजून ओघळत होता. सालीची ढलपी खाली पडलेली, आतून ओली. त्यानं बोट लावलं, ते चिकटलं. तासणी त्याच्या पोटाशी होती.

भिमाजीचं काम असणार, त्यानं ठरवलं. ठेकेदाराची माणसं चोरून आधीच तासून ठेवतात, होतं असं. आणि बुटका माणूस जगात काय एकच असतो? असं म्हणत तो वाकला, आणि हातोडा हाणला. वाकताना पाठीला जुनी सवय आठवली आणि तोंडालाही. न कळत तो म्हणाला, "झालं."

पुढून, पाच-पन्नास पावलांवरून, आवाज आला.

"हं!"

शांतवन जो मागं फिरला तो घळ कशी उतरला आणि कशी चढला हे त्याचं त्याला कळलं नाही. चौकीत येऊन दार लावून बसला. भर दुपार होती, बाहेर भिमाजीची माणसं मोठमोठ्यानं हसत होती, आणि ह्याचे दात वाजत होते.

४

रात्रभर त्यानं स्वतःला समजावलं. कोतवाल पक्षी माणसाची, मांजराची, कुणाचीही नक्कल करतो. तिचा आवाज त्यानं इतकी वर्षं ऐकला असेल, शिकला असेल. पक्षी तो, त्याला काय कळतं मेलेलं आणि जितं!

सकाळी तो पुन्हा गेला. आता खरं सांगायचं तर तो पक्ष्यासाठी गेला नाही. त्याला तो आवाज पुन्हा ऐकायचा होता.

दुसरं झाड धावड्याचं, तासलेलं. हातोडा मारला. "झालं."

"हं!"

तिचाच. त्यात जराशी घाई, जरासं हसू. चला की लवकर, असं. शांतवनच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी आलं. त्यानं पुढचं झाड गाठलं, मग त्याच्या पुढचं. झाडांमध्ये कोणी दिसत नव्हतं. एकदा वाटलं, खैराच्या आडून लुगड्याचा काठ गेला. धावत गेला तर नुसतं वाळलेलं गवत हलत होतं, आणि खैराच्या बुंध्याशी पांढरी ओली ढलपी पडली होती.

तो रोज जायला लागला. सकाळी दाढी करून, धुतलेला सदरा घालून. भिमाजी थट्टेनं म्हणाला, "काय गार्डसाहेब, रानात कुनी सोयरी बघितली का?" शांतवन हसला. दोन वर्षांत तो हसला नव्हता. भिमाजीच घाबरला.

दुपार झाली तरी शांतवन "पुरे" म्हणायचा नाही. हे मात्र तो जाणूनबुजून करायचा. पुरे म्हटलं आणि आवाज बंद झाला तर? मग उरलं काय? तो फक्त "झालं" म्हणायचा, आणि अंधारायला लागलं की काही न बोलता परत यायचा. दुसऱ्या दिवशी पुढची झाडं तासून तयार असायची.

५

महिना झाला. त्याच्या मागोमाग भिमाजीची माणसं कुऱ्हाडी चालवत होती. उतार उघडा पडला. भट्ट्यांचा धूर दिवसभर घळीत साचून राहायचा.

एक दिवस भिमाजी चौकीवर आला. टोपी काढून बसला.

"साहेब, राग मानू नगा. शेंदरी धोंडा तर पार मागं गेला. तुमचं शिक्कं पल्याड बी हायेत. आन् बियान्याची म्हातारी झाडं, ती तर तुमी जीव गेला तरी तोडू देत न्हवता. त्यांच्यावर बी शिक्कं?"

"तासलेलं झाड शिक्क्याविना सोडायचं नसतं," शांतवन म्हणाला.

"पर तासतंय कोन?"

शांतवन फडक्यानं हातोड्याचा शिक्का पुसायला लागला.

"तुमी सोताच तासता, आसं मानसं म्हनत्यात. मी म्हनतो, आसंल. पर तुमच्याजवळ कुऱ्हाड न्हाई, साहेब. आन् काल मी लांबून बघितलं. तुमी 'झालं' म्हनायच्या आधीच म्होरलं झाड थरथरत हुतं. वारं न्हवतं. मोजून सांगतो, पाच घाव पडलं त्याला, ढलप्या उडत हुत्या." भिमाजीनं टोपी पुन्हा डोक्यावर घातली. "आमी तोडू, आमचं पोट हाय. पर ह्या डोंगराव पुन्हा झाड उगवायचं न्हाई. बी टाकायला एक बी म्हातारं ठिवलं न्हाई तुमी."

तो गेल्यावर शांतवन दारात उभा राहून डोंगराकडं बघत राहिला. सतरा वर्षं त्यानं तो राखला होता. वणव्यात अंग भाजून घेतलं होतं, लाकूडचोरांच्या काठ्या खाल्ल्या होत्या. आणि तोच डोंगर आपल्या हातानं बोडका केला, एका आवाजासाठी. त्याला लाज वाटली. पण त्याच्या डोक्यात अडकलं होतं ते भिमाजीचं दुसरंच वाक्य.

पाच घाव.

लिडियाला दोन लागायचे. वरून एक तिरका, खालून एक, की ढलपी अलगद सुटायची. रेंजरसाहेबसुद्धा बघत राहायचे.

दुसऱ्या दिवशी त्यानं पहिल्यांदा आवाज ऐकायच्या आधी तासण्या नीट बघितल्या. पहिल्या दिवसांतल्या सगळ्या स्वच्छ, गुळगुळीत होत्या. नंतरनंतरच्या वेड्यावाकड्या. सात घाव, आठ घाव, तरी साल पुरती निघालेली नाही. आणि खाली खाली आलेल्या. पोटावरून मांडीवर, मांडीवरून गुडघ्यावर, जशी काही तासणारी आता उभी राहू शकत नाही. एका झाडावर धारेचे नुसते ओरखडे होते, आणि त्यावर पाच बोटं टेकल्याचा चिकट डाग.

त्यानं हातोडा मारला. "झालं," तो म्हणाला.

बराच वेळ काही आलं नाही. मग आलं, बारीक, ओढून काढल्यासारखं.

"हं."

आई गं! ती दमली होती. दोन वर्षं ती थांबलीच नव्हती. उपाशीपोटी, अंगात कणकण, एक एक झाड तासत होती, कारण थांबायचं तिला कोणी सांगितलं नव्हतं. आणि हा शहाणा धुतलेला सदरा घालून तिला आणखी राबवत होता.

६

दुसऱ्या दिवशी सकाळी शांतवननं एक भाकरी थापली. एकच. फडक्यात बांधली आणि घळीपाशी आला.

शिक्का बसलेलं शेवटचं झाडही आदल्या संध्याकाळी पडलं होतं, आता डोंगरावर एकच झाड उभं होतं. तो अंजन. ज्याच्याखाली बसून त्यानं तेव्हा भाकरी खाल्ली होती, तो. घळीच्या ह्या अंगाला तो, आणि पलीकडं जिथवर नजर जाईल तिथवर खुंट. भिमाजीची माणसं खाली भट्टीकडं गेली होती. घळीपलीकडं पाखरू नव्हतं. पाखरानं बसायचं तरी कुठं? वाऱ्याला वाजवायला पानसुद्धा राहिलं नव्हतं.

अंजनाच्या बुंध्याशी, अगदी मातीलगत, एक तासणी होती. बोटभर. त्याच्यावर शिक्का मारला की संपलं. मारला नाही तर तासलेलं झाड सोडल्यासारखं. शांतवननं हातोडा उचलला आणि खाली ठेवला.

"देवा, तिला सोडव," तो म्हणाला. एवढंच त्याच्या मनात होतं. हाक द्यायची, आवाज कायमचा जाऊ द्यायचा आणि उरलेलं आयुष्य मुकाट काढायचं. आपल्याला तेच शोभतं.

तो उभा राहिला. दोन वर्षांपूर्वी ह्याच वेळी द्यायची ती हाक त्यानं पोटातून दिली.

"पुरे! लिडिया, पुरे गं!"

हाक पलीकडच्या बोडक्या उतारावरून गेली, मागच्या कड्यावर आपटली आणि विरली. सगळं निपचित झालं. शांतवननं डोळे मिटले. सुटली बिचारी, त्याला वाटलं.

तेवढ्यात लांबून, पार कड्यापासून, आवाज आला.

"आले!"

शांतवनच्या अंगावर सरसरून काटा आला. हे कसं विसरला तो? पुरे म्हटल्यावर ती नुसती थांबायची नाही. ती परत यायची.

टक्.

लांबवर, खुंटावर लाकडाचा आवाज.

टक्. टक्.

एकही खुंट न सोडता. शिक्के बघत. मधे थांबत, दम घेत, पाय ओढल्यासारखा पालापाचोळा वाजत. शांतवनला पळता आलं असतं. वाट मोकळी होती, खाली भट्टीवर माणसं होती. पण तेव्हाही तिला एकटं टाकून आपण बसलो होतो, एवढंच त्याच्या मनात आलं आणि पाय जागचे हलले नाहीत. तो अंजनाखालच्या दगडावर बसला, घळीकडं पाठ करून. सरकून शेजारी जागा केली. फडकं सोडलं. भाकरी मोडली, दोन तुकडे सारखे झाले नाहीत. मोठा त्यानं उजव्या हातात घेतला.

आवाज घळीत उतरला. खडे घरंगळले. मग अलीकडच्या अंगाला, चढावर, एक एक पाऊल.

टक्.

हा त्याच्या पाठीमागच्या अंजनावर.

सालईच्या चिकाचा वास आला, ओल्या मातीचा आला. शांतवननं समोरच बघत हात मागं केला, भाकरीसकट.

"बस," तो म्हणाला. "दमलीस."

दगडाशेजारी कोणीतरी कुऱ्हाड टेकवली. ती त्याला डोळ्यांच्या कोपऱ्यातून दिसली. तिची होती, दांड्याला त्यानंच गुंडाळलेली चिंधी होती. पातं झिजून झिजून नखाएवढं राहिलं होतं. दांड्यावरचा हात अजून सुटला नव्हता. तो हात बघून शांतवननं डोळे घट्ट मिटून घेतले.

थंड बोटं त्याच्या मनगटाला लागली. भाकरी त्यांनी घेतली नाही. हळूच त्याचा हात पुढं ढकलला, त्याच्याच तोंडाकडं.

"तुमी खा," मागून आवाज आला. "मी खाल्लंय."

दोन वर्षांपूर्वी हे ऐकून तो गप्प बसला होता.

"खोटं बोलू नगंस गं," शांतवन म्हणाला, आणि डोळे उघडून मागं वळला.